पदवी आहे, पाट नाही : लेडी ऱ्होंदा यांचा १९२२ चा दावा

२ मार्च १९२२ ला ब्रिटनच्या हाउस ऑफ लॉर्ड्सच्या, म्हणजे उमरावसभेच्या, विशेषाधिकार समितीने सात विरुद्ध एक मतांनी ठरवलं, की व्हायकाउंटेस ऱ्होंदा यांना सभागृहात बसण्याचा हक्क आहे. १९ मेला याच नावाच्या समितीने बावीस विरुद्ध चार मतांनी ठरवलं, की तो नाही. मधल्या अकरा आठवड्यांत कायद्यात काना-मात्रेचाही फरक पडला नव्हता. पदवीची सनद तीच होती आणि अर्जदार बाईही त्याच. समितीतली डोकी तेवढी वाढली होती.

कायद्याच्या पुस्तकांत हे प्रकरण भेटतं ते एखाद्या तळटीपेत, ‘कायद्याचा अर्थ लावताना संसदेत काय बोलणं झालं ते पाहावं का’ या मुद्द्याखाली. मला त्यातली दुसरीच गोष्ट महत्त्वाची वाटते. एखाद्याला हक्क नाकारायचा असेल तर ‘तुला मनाई आहे’ असं म्हणावंच लागतं असं नाही. ‘तुला मनाई कुठे आहे? फक्त तुला तो हक्क कधी नव्हताच,’ असंही म्हणता येतं. दुसरं उत्तर जास्त पक्कं असतं, कारण मनाई उठवणारा कायदा त्याला शिवत नाही.

पदवी बाईच्या नावावर येते कशी

लॉर्डच्या बायकोला लेडी म्हणतात हे आपल्याला ठाऊक असतं, पण ती पदवी नवऱ्याच्या नावावरची, उसनी. थोड्या स्त्रिया मात्र अशा असत, की त्यांची पदवी स्वतःच्या नावावर, घराण्यातून वारशाने आलेली. अशा बाईच्या नवऱ्याला बायकोमुळे काहीच मिळत नाही. तो साधा मिस्टर असेल तर मिस्टरच राहतो.

इंग्लंडच्या कित्येक जुन्या बॅरनी राजाने पाठवलेल्या बोलावण्यातून जन्मल्या. त्या मुलगा नसेल तर मुलीकडे जाऊ शकतात. एकच मुलगी असेल तर प्रश्न नाही. दोन-तीन असतील तर सगळ्यांचा हक्क सारखा, म्हणून पदवी कोणाच्याच वाट्याला न येता लोंबकळत राहते, कधी कधी शतकानुशतकं. स्कॉटलंडच्या बऱ्याच जुन्या पदव्याही मुलींना मिळतात. पण नंतरच्या बहुतेक पदव्या सनदेने दिलेल्या, आणि सनदेतलं ठरीव वाक्य एकच : पुरुष औरस वंशज. औरसच हवा. आपल्याकडे मुलगा नसला की दत्तक घ्यायची वाट असे. साताऱ्याला इंग्रजांनी ती १८४८ मध्ये बंद केली आणि गादी खालसा झाली. खुद्द इंग्रज उमरावाला ती वाट कधी नव्हतीच. पदवीसाठी दत्तक चालत नाही.

मग मुलगा नसलेल्या पण दरबारी वजन असलेल्या माणसासाठी सनदेत खास कलम घालत, की याच्या पश्चात पदवी मुलीकडे जावी. पहिल्या ड्यूक ऑफ मार्लबरोसाठी अशी सोय झाली आणि १७२२ मध्ये त्याची मुलगी हेन्रिएटा स्वतःच्या हक्काने डचेस झाली. हिंदुस्थानात सेनापती राहिलेले फील्ड मार्शल रॉबर्ट्स यांचा मुलगा बोअर युद्धात पडला होता, म्हणून त्यांची अर्लची पदवी १९१४ मध्ये मुलगी एलीनकडे गेली. बंगालच्या फाळणीमुळे आपल्याला पाठ असलेले लॉर्ड कर्झन यांना तीन मुलीच. त्यांच्या १९११ च्या रेव्हन्सडेल बॅरनीत मुलींची सोय होती. हेच कर्झन बायकांना मताधिकार मिळू नये म्हणून झटणाऱ्या संघटनेचे अध्यक्ष होते. घराण्याचं नाव टिकवायला मुलगी चालते, मतपेटीपाशी चालत नाही. त्यांना यात काही विसंगत वाटलं असेल असं दिसत नाही. शेवटचे व्हाइसरॉय माउंटबॅटन यांचंही तेच. १९७९ मध्ये त्यांची पदवी थोरल्या मुलीकडे, पॅट्रिशियाकडे गेली.

पॅट्रिशियाच्या आधीच्या या सगळ्या स्त्रियांना पदवी मिळाली, कोरोनेट (उमरावाचा छोटा मुकुट) मिळालं, मेजवानीत बसायचा क्रम मिळाला. त्या पदवीने संसदेतला पाट मात्र मिळाला नाही. तो मागणारी पहिली बाई कोळशाच्या खाणीतून आली.

कोळसा, टपालपेटी आणि समुद्र

मार्गारेट हेग टॉमस हिचा जन्म १२ जून १८८३ चा, लंडनमधला. वाढली ती वेल्समधल्या न्यूपोर्टजवळ, लॅनवर्नच्या वाड्यात. एकुलती एक. वडील डी. ए. टॉमस हे वेल्समधले बडे खाणमालक आणि वीसहून अधिक वर्षं लिबरल पक्षाचे खासदार. ऱ्होंदा हे त्यांच्या खाणींच्या खोऱ्याचं नाव. (इंग्रजी अक्षरांत दोन ‘डी’ दिसतात म्हणून आपण ‘ऱ्होंडा’ वाचतो, वेल्श माणूस तिथे आपल्या ‘द’च्या जवळचा उच्चार करतो.) १९१० मध्ये त्यांच्याच केंब्रियन कंपनीच्या सुमारे १२ हजार खाणकामगारांचा संप झाला आणि टोनीपँडीला दंगल उसळली. लेडी ऱ्होंदांचं कौतुक करताना हा संप विसरू नये. त्यांना पुढे स्वतंत्र आयुष्य जगता आलं ते ज्या पैशावर, तो त्या खाणींतून वर आला होता.

मार्गारेट ऑक्सफर्डच्या सॉमरव्हिल कॉलेजात गेली आणि अर्ध्यावर सोडून परत आली. १९०८ मध्ये शेजारच्या हम्फ्री मॅकवर्थशी लग्न केलं. त्याच वर्षी ती पँकहर्स्ट मायलेकींच्या मताधिकार चळवळीत शिरली आणि पुढे न्यूपोर्ट शाखेची सेक्रेटरी झाली. नवरा शिकारीतला, हुजूर पक्षाचा. बायको चौकात पेटीवर उभी राहून भाषण करणारी. हा संसार फार काळ चालणार नव्हता. मूलबाळ झालं नाही, पुढे घटस्फोट झाला.

जून १९१३ मध्ये तिने न्यूपोर्टच्या रिस्का रोडवरच्या टपालपेटीत रसायनाच्या काचेच्या नळ्या टाकल्या. नळी फुटली की आतली पत्रं पेट घ्यायची. या नळ्या तिने स्वतः लंडनहून आगगाडीने आणल्या होत्या आणि मुहूर्त ठरेपर्यंत घरच्या बागेत ब्लॅककरंटच्या झुडपांखाली पुरून ठेवल्या होत्या. पकडली गेली. दंड भरायला नकार दिला म्हणून महिन्याची कैद झाली आणि अस्कच्या तुरुंगात रवानगी. तिथे अन्न सोडलं. त्या वर्षीचा नवा कायदा उपोषणाने खंगलेल्या बाईला तात्पुरती सोडायचा आणि सावरली की पुन्हा धरायचा. लोक त्याला मांजर-उंदराचा कायदा म्हणत. तिला पाच दिवसांत सोडलं.

पुढचा प्रसंग ७ मे १९१५ चा. वडील आणि त्यांचे सेक्रेटरी यांच्यासोबत ती अमेरिकेहून लुसिटानिया जहाजाने परत येत होती. दुपारचं जेवण उरकून बापलेक लिफ्टपाशी आले तोच जर्मन पाणबुडीचा टॉर्पेडो लागला. अवघ्या अठरा मिनिटांत जहाज बुडालं. मार्गारेट पळत केबिनमध्ये गेली, जीवरक्षक पट्टा आणला, डेकवर आली, आणि तिथल्या गोंधळात उभ्याउभ्याच स्कर्टचे हूक काढून ठेवले, म्हणजे पाण्यात तो पायात अडकणार नाही. बेशुद्ध होण्याआधी तिच्या हातात एक लाकडी फळी होती. सापडली तेव्हा ती एका वेताच्या खुर्चीत तरंगत होती. ब्लूबेल नावाच्या बोटीने उचललं तेव्हा आधी मेलेलीच समजले होते. जवळजवळ १,२०० माणसं त्या दिवशी गेली. वडील आणि सेक्रेटरी दोघेही वाचले.

मला इथे ते स्कर्टचे हूक लक्षात राहतात. पुढे विशेषाधिकार समितीपुढे जे झालं तेही असंच : बुडताना आरडाओरड नाही, पायात काय अडकेल तेवढं आधी सोडवून ठेवायचं.

वडील १९१६ मध्ये बॅरन झाले, १९१७ मध्ये अन्नमंत्री. युद्धात ब्रिटनला शिधावाटपाची शिस्त लावली ती त्यांनी. जून १९१८ मध्ये त्यांना व्हायकाउंट केलं तेव्हा सनदेत कलम पडलं, की पुरुष वारस नसल्यास ही पदवी मुलीकडे आणि तिच्यामागे तिच्या मुलग्यांकडे जाईल. दोनच आठवड्यांनी, ३ जुलैला ते गेले. बॅरनची पदवी त्यांच्यासोबत संपली आणि व्हायकाउंटची मुलीकडे आली. इथून पुढे त्यांना अहो-जाहो करायला हवं. घरात आता दोन लेडी ऱ्होंदा होत्या : आई सिबिल नवऱ्यामुळे, मुलगी स्वतःमुळे.

वडिलांसोबत त्यांचा धंदाही आला. तिसाहून अधिक कंपन्यांच्या संचालक मंडळांवर त्या होत्या आणि काहींच्या अध्यक्षही. १९२० मध्ये त्यांनी ‘टाइम अँड टाइड’ हे साप्ताहिक काढलं, ज्याचं संचालक मंडळ सगळं बायकांचं. पाठोपाठ स्त्रियांच्या सहा नेमक्या कायदेशीर मागण्यांसाठी ‘सिक्स पॉइंट ग्रुप’ उभा केला. आणि १९२० मध्येच राजाकडे अर्ज टाकला : मला माझं बोलावणं पाठवा.

अर्ज

‘बोलावणं’ हा शब्द मी सैलपणे वापरत नाहीये. तेव्हा नवी संसद भरली की प्रत्येक उमरावाला राजाच्या नावाने लेखी हुकूम जाई, की हजर राहा. तो हातात नसेल तर उमरावालाही आत बसता येत नसे. ऱ्होंदा यांचं म्हणणं साधं होतं. मी व्हायकाउंटेस आहे, हे कोणी नाकारत नाही. माझ्या जागी पुरुष असता तर त्याला हुकूम गेला असता. मला येत नाही त्याचं कारण एकच, मी बाई आहे. आणि डिसेंबर १९१९ चा लिंगाधारित अपात्रता दूर करणारा कायदा पहिल्याच कलमात म्हणतो, की लिंग किंवा विवाह या कारणावरून कोणतीही व्यक्ती कोणतंही सार्वजनिक कार्य करायला अपात्र ठरणार नाही. उमरावसभेत बसणं हे सार्वजनिक कार्य नाही तर काय आहे?

हा कायदा आला कसा तेही पाहायला हवं. १९१९ मध्ये मजूर पक्षाने एक विधेयक आणलं होतं. त्यात उमरावसभेतल्या स्त्रियांचा प्रश्न सरळ, नाव घेऊन मांडला होता. सरकारने ते बाजूला सारून स्वतःचं, सौम्य विधेयक पुढे केलं. अंतिम कायद्यात उमरावसभेचा उल्लेख राहिला नाही. शब्द मात्र इतके ऐसपैस राहिले, की त्यात काय बसतं आणि काय नाही हे ठरवणं न्यायाधीशांवर आलं.

त्यात बरंच काही बसलं. स्त्रिया ज्युरीत आल्या, मॅजिस्ट्रेट झाल्या, वकील झाल्या. ऱ्होंदांचा निकाल लागायच्या नऊ दिवस आधी, १० मे १९२२ ला, आयव्ही विल्यम्स ही इंग्लंडची पहिली बॅरिस्टर बाई झाली. नाशिकला जन्मलेल्या, पुण्याच्या डेक्कन कॉलेजात शिकलेल्या कॉर्नेलिया सोराबजी यांनी ऑक्सफर्डच्या त्याच सॉमरव्हिलमधून कायद्याची परीक्षा १८९२ मध्ये दिली होती. त्यांना लिंकन्स इनने १९२३ मध्ये बॅरिस्टर म्हणून घेतलं, तीस वर्षांनी. मुंबईच्या मिठन टाटा त्याच वर्षी तिथेच बॅरिस्टर झाल्या आणि परत येऊन मुंबई उच्च न्यायालयात उभ्या राहिल्या. म्हणजे ज्या कलमाने नाशिकच्या मुलीला लंडनच्या वकिलांचा झगा दिला, ते कलम लॅनवर्नच्या व्हायकाउंटेसला तिच्याच वर्गाच्या सभागृहात खुर्ची देऊ शकलं नाही.

अकरा आठवडे

मार्चमधल्या सुनावणीत ॲटर्नी जनरल सर गॉर्डन ह्यूअर्ट यांनी सरकारच्या वतीने विरोध केला नाही. समिती छोटी होती आणि निकाल सात विरुद्ध एक लागला. वर्तमानपत्रांनी बाई आत आल्याच असं धरून चालायला सुरुवात केली.

विशेषाधिकार समितीचा अहवाल सभागृहाने मान्य करायचा असतो. एरवी हा नुसता उपचार. यावेळी लॉर्ड चॅन्सेलर (सभागृहाचे अध्यक्ष आणि न्यायव्यवस्थेचे प्रमुख) बर्कनहेड आडवे आले. हे आपले १९२७ च्या सायमन कमिशनवाले बर्कनहेड. त्या कमिशनात एकही हिंदी माणूस न नेमणारे आणि वर ‘तुम्ही सगळे मिळून एक घटना लिहून दाखवा’ म्हणून डिवचणारे. लॉर्ड होण्याआधी ते एफ. ई. स्मिथ नावाने गाजलेले कुशाग्र वकील होते आणि स्त्रियांच्या मताधिकाराचे जुने विरोधक. त्यांच्या पुढाकाराने प्रकरण फेरविचारासाठी परत पाठवलं गेलं, तेही बरीच मोठी केलेल्या समितीकडे. दरम्यान ॲटर्नी जनरलही बदलले होते. ह्यूअर्ट मार्चमध्येच सरन्यायाधीश होऊन गेले होते.

बर्कनहेड यांची मांडणी थोडक्यात अशी. कायदा अपात्रता दूर करतो, हक्क देत नाही. आधी हक्क असावा लागतो, मग त्याच्या वाटेतला अडथळा काढता येतो. स्वतःच्या नावावर पदवी असलेल्या बाईला संसदेत बसण्याचा हक्क कधीच नव्हता. तिची पदवी म्हणजे मानमरातब, त्यात खुर्ची नाही. तिला कोणी अडवलेलंच नाही, तर अडसर काढला म्हणजे काय केलं? शिवाय इतका मोठा बदल संसद असा मोघम शब्दांच्या आडून करणार नाही. करायचा असता तर नाव घेऊन केला असता.

आपल्या भाषेत सांगायचं तर, दाराचं कुलूप काढलंय बरं का, पण घर तुमचं कधी नव्हतंच.

या मांडणीत एक मुद्दा दुबळा नव्हता, आणि तो लपवणं बरोबर होणार नाही. सनद वाचली तर तिथे खरोखरच दोन वेगळ्या गोष्टी दिसतात. पदवी मुलीला दिली आहे. संसदेतली जागा, आवाज आणि मत हे बापाला आणि पुढच्या पुरुष वंशजांना. ऱ्होंदांना मुलगा असता तर तो आजोबांची पदवी आईकडून घेऊन थेट आत जाऊन बसला असता. आई म्हणजे मधला पूल, ज्यावरून पदवी एका पुरुषाकडून दुसऱ्याकडे जाते. सनद लिहिणाऱ्याने हे अगदी सरळ मनाने लिहिलं होतं. १९१८ मध्ये दुसरं काही सुचणारच नव्हतं. पण नेमका हाच पुरावा उलट बाजूनेही वाचता येतो. सनदेत जागा फक्त पुरुषांना का दिली? कारण ते पुरुष. मग ही लिंगाधारित अपात्रता नाही तर काय आहे?

लॉर्ड हॉल्डेन हे अल्पमतातल्या चौघांपैकी एक, आणि त्यांचा रोख याच दिशेने होता. कायद्याचे शब्द व्यापक आहेत, तर ते व्यापकच वाचा. विधेयकावर कोण काय बोललं आणि कोणती दुरुस्ती पडली ते उगाळत बसू नका. बाविसांनी ऐकलं नाही.

या प्रकरणातली सगळ्यात अवघड गोष्ट मला युक्तिवादात दिसत नाही, बसण्याच्या जागेत दिसते. आपल्या बाकावर शेजारी कोणी बसावं हे ठरवणारे न्यायाधीश, ज्यांच्या बाकावर बसायचं तेच लोक होते. सभागृहाची परंपरा तशीच, त्यामुळे कोणाला त्यात वावगं वाटलं नाही. पण सोसायटीच्या कमिटीनेच ठरवायचं की नव्या सभासदाला घ्यायचं की नाही, आणि त्यालाच निवाडा म्हणायचं, तसा हा प्रकार.

सात वर्षांनी, १८ ऑक्टोबर १९२९ ला, लंडनमध्येच प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे वसाहतींच्या शेवटच्या अपील न्यायालयाने, कॅनडाच्या पाच बायकांचा दावा मान्य केला. प्रश्न जवळपास तोच होता : कॅनडाच्या सेनेटवर नेमण्यासारख्या ‘व्यक्ती’मध्ये बाई येते का? लॉर्ड चॅन्सेलर आता सँकी होते आणि उत्तर होकारार्थी आलं. वसाहतीच्या वरिष्ठ सभागृहात बाई बसू शकते असं सांगणारा निकाल मायदेशाच्या वरिष्ठ सभागृहाला मात्र लागू नव्हता.

हा लढा कोणाचा?

ऱ्होंदांच्या काळातही हा प्रश्न विचारला जात होता आणि आजही विचारायला हरकत नाही. जन्माने मिळणारी संसदेची जागा हा मुळात विशेषाधिकार. तो काही श्रीमंत बायकांनाही द्या, ही कसली समता? केंब्रियन खाणीतल्या कामगाराच्या बायकोला यातून काय मिळणार होतं? १९२२ मध्ये तर तीस वर्षांखालच्या कोणत्याच ब्रिटिश स्त्रीला मत नव्हतं. ते यायला १९२८ उजाडलं.

मला हा आक्षेप अर्धाच पटतो. ऱ्होंदा स्वतः भांडवलदार होत्या आणि त्यांनी ते कधी लपवलं नाही. १९२६ मध्ये त्या इन्स्टिट्यूट ऑफ डायरेक्टर्सच्या पहिल्या स्त्री अध्यक्ष झाल्या. पण त्यांनी हात घातला तो सगळ्यात वरच्या पायरीला, आणि तिथे काय उत्तर मिळालं हे सगळ्यांना दिसलं. पैसा, पदवी, शिक्षण, सरकारी सेवेचा अनुभव (युद्धात स्त्रियांच्या भरतीचं काम त्यांनी केलं होतं), यातलं काही कमी पडलं असं कोणी म्हणू शकत नव्हतं. उरली एकच गोष्ट, आणि ती उघडी पडली. दावा हरूनही एवढं काम झालं.

कायद्याचा एक विनोदही इथे सांगायलाच हवा. तेव्हा उमरावांना हाउस ऑफ कॉमन्सच्या निवडणुकीत मत नसे, कारण त्यांची स्वतःची सभा होती. १९१८ चा मताधिकार कायदा करताना कोणाच्या तरी लक्षात आलं, की स्वतःच्या नावावर पदवी असलेल्या बाईला तीही सभा नाही. म्हणून उमरावांवरची मतबंदी अशा स्त्रियांना लागू नाही, असं एक उपकलम घातलं गेलं. म्हणजे आत येऊ द्यायचं नव्हतं, पण त्यामुळे बाई दोन्हीकडून उपाशी राहते हे मसुदा लिहिणाऱ्याला नीट कळलं होतं.

छत्तीस वर्षं

निकालानंतर लॉर्ड ॲस्टर यांनी हा प्रश्न विधेयकांच्या रूपाने पुन्हा पुन्हा आणला. ॲस्टर घराण्याची गोष्ट उलटीच. वडील वारल्यावर वॉल्डॉर्फ ॲस्टर यांना नको असताना उमरावसभेत जावं लागलं, आणि त्यांची रिकामी झालेली प्लिमथची जागा पत्नी नॅन्सीने जिंकली. कॉमन्समध्ये प्रत्यक्ष बसलेली ती पहिली बाई. १९२५ मध्ये ॲस्टर यांचं विधेयक उमरावसभेत दोन मतांनी पडलं, ७८ विरुद्ध ८०. त्यानंतर वर्षांमागून वर्षं गेली.

ऱ्होंदा यांनी आपला जोर साप्ताहिकात घातला. व्हर्जिनिया वुल्फ, रिबेका वेस्ट, बर्नार्ड शॉ अशी माणसं त्यात लिहीत. लेखिका विनिफ्रेड होल्टबी संचालक मंडळावर होती. १९२६ पासून ऱ्होंदा स्वतःच संपादक. साप्ताहिक कधी स्वतःच्या पायावर उभं राहिलं नाही. दरवर्षीची तूट त्या खिशातून भरत, आणि इकडे वेल्सचा कोळसा बसत चालला होता. वडिलांनी मागे ठेवलेली संपत्ती अशी छापील कागदात जिरली. घरी लेखिका थिओडोरा बोझंकेट यांची सोबत होती, १९३३ पासून अखेरपर्यंत.

एप्रिल १९५८ मध्ये आजीव उमरावांचा, म्हणजे वारसाकडे न जाणाऱ्या हयातीपुरत्या पदव्यांचा, कायदा झाला. त्याने स्त्रियांना प्रथमच उमरावसभेत घेतलं, पण नेमणुकीने. वारसाने पदवी आलेल्या स्त्रिया अजून बाहेरच. २० जुलै १९५८ ला लेडी ऱ्होंदा लंडनमध्ये वारल्या, वय पंचाहत्तर. चारच दिवसांनी, २४ जुलैला, पहिल्या चौदा आजीव उमरावांची यादी जाहीर झाली. त्यात चार स्त्रिया होत्या आणि त्यांतली एक होती आयरीन कर्झन, रेव्हन्सडेलची बॅरोनेस. १९२५ मध्ये वडिलांकडून स्वतःच्या हक्काची पदवी आलेली, तरी आत जाण्यासाठी तिला सरकारकडून दुसरी, नेमणुकीची पदवी घ्यावी लागली. मताधिकारविरोधी संघटनेच्या अध्यक्षांची मुलगी ऑक्टोबरपासून त्याच लाल बाकांवर बसू लागली.

वारसाहक्काच्या पदव्यांचा प्रश्न सुटला तो १९६३ मध्ये, आणि तोही एका पुरुषाच्या निमित्ताने. टोनी बेन यांना वडिलांची व्हायकाउंटची पदवी नको होती, कारण तिच्यामुळे त्यांची कॉमन्समधली जागा गेली होती. पदवी सोडता यावी म्हणून जो कायदा झाला, त्याच्या सहाव्या कलमात बायकांचंही काम उरकून घेतलं. त्या कलमातला कंस वाचण्यासारखा आहे. वारसाने पदवी असलेल्या स्त्रीला (पदवीच्या सनदेत काहीही लिहिलेलं असो) पुरुषाइतकाच बोलावण्याचा, बसण्याचा आणि मत देण्याचा हक्क राहील. एकेचाळीस वर्षांपूर्वी बर्कनहेड यांनी ज्या सनदेवर बोट ठेवलं होतं, तिच्यासाठीच तो कंस लिहिला असावा असं वाटतं. पुढचं वाक्यही सोडलेलं नाही : कॉमन्सच्या निवडणुकीबाबत पुरुष उमरावांवर जी बंधनं, तीच आता या स्त्रियांवरही. १९१८ पासूनचं मत गेलं, पाट आला.

नोव्हेंबर १९६३ मध्ये बॅरोनेस स्ट्रेंज ऑफ नॉकिन या नव्या कलमाने आत गेल्या. आत जाऊ शकणाऱ्यांच्या यादीत ऱ्होंदा ही पदवी नव्हती. पाच वर्षांपूर्वी लेडी ऱ्होंदा गेल्या त्या दिवशीच ती संपली होती, कारण सनदेप्रमाणे पुढे न्यायला मुलगा लागत होता.